खाणपट्ट्याची फाईल अडकलीय? वकील गाठायच्या आधी आणि नंतर काय करायचं

खाणपट्ट्याचा, म्हणजे दगडखाण चालवायच्या सरकारी भाडेपट्ट्याचा, अर्ज टाकून वर्ष होत आलं, ऑफिसात गेलं की 'फाईल वर गेलीय' एवढंच ऐकायला मिळतं आणि वर म्हणजे नक्की कुठं ते कोणी सांगत नाही, असं चाललं असेल तर आधी चकरा मारणं बंद करा. पायऱ्या झिजवल्याचा पुरावा नसतो, कागदाचा असतो.

पहिलं काम म्हणजे पोच शोधा. मूळ अर्ज आणि प्रत्येक स्मरणपत्र, सगळ्यावर आवक नंबर आणि शिक्का पाहिजे. तो नसेल तर आज नवीन स्मरणपत्र द्या आणि पोच घ्या, तोंडी बोललेलं पुढं कुठंच चालत नाही.

मग माहिती अधिकार. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावायचा, एकच विषय ठेवायचा, आपल्याकडं महाराष्ट्रात 150 शब्दांची मर्यादा आहे त्यामुळं रामायण लिहू नका. 'माझ्या अर्जाला उशीर का झाला' असं विचारलं की गोल उत्तर येतं, म्हणून फाईल कुठल्या तारखेला कोणाच्या टेबलावर आली आणि कधी पुढं गेली ते विचारा, टिप्पणीच्या झेरॉक्स मागा, आणि नस्ती, म्हणजे ती फाईलच, प्रत्यक्ष बघायचीय असंही लिहा. मी बघायला गेलो तेव्हा आत त्रुटीचं पत्र सापडलं, मोजणी नकाशा जुना आहे म्हणून, सहीसकट तयार, फक्त मला पाठवायचंच राहिलेलं! पाच महिने मी साहेबांना शिव्या घालत होतो. 30 दिवसांत उत्तर नाही आलं तर पहिलं अपील करायचं.

तारखा हातात आल्या की दप्तर दिरंगाईचा कायदा काढा, 2005 चा, बदल्यांचा आणि विलंबाचा एकच कायदा आहे तो. त्याच्या कलम 10 प्रमाणं साधी फाईल एका कर्मचाऱ्याकडं कामाचे 7 दिवस, दुसऱ्या विभागाकडं जायची गरज नसेल तर निर्णय 45 दिवसांत, जायची असेल तर तीन महिन्यांत. मुद्दाम अडवली असेल तर शिस्तभंगाची कारवाई. कलमाचा नंबर आणि तारखा टाकून कलेक्टरांना अर्ज द्या, माझ्या अनुभवात अर्ध्या फाईली इथंच हलतात.

नाहीच हलली तर हायकोर्ट, राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली रिट, म्हणजे ऑफिसला त्याचं काम करायला लावा अशी याचिका. सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना आता मुंबई नाही, 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला हायकोर्टाचंच सर्किट बेंच आहे. पण एक समजून घ्या, कोर्ट सहसा खाणपट्टा देऊन टाकत नाही, अमुक आठवड्यांत निर्णय घ्या असं ऑफिसला सांगतं. म्हणून मागणीत 'कारणांसह लेखी निर्णय' हे शब्द पाहिजेतच, नाहीतर एका ओळीचा नकार हातात पडतो.

बॉक्साईट, लोहखनिज असलं मोठं खनिज असेल तर वेगळा रस्ता आहे, 1957 च्या खाण कायद्याच्या कलम 30 खाली केंद्राकडं जाता येतं, राज्यानं ठरलेल्या मुदतीत आदेशच काढला नसला तरी. दगड, मुरूम, वाळूला हे लागू नाही, तिथं चुकून पैसे घालवू नका.

आणि घाई का करायची ते सांगतो. 1981 साली हिंद स्टोन केसमध्ये सुप्रीम कोर्टानं म्हटलं की अर्ज वाजवी वेळेत निकाली काढला पाहिजे, पण उशीर झाला म्हणून जुन्याच नियमानं द्या असा हक्क मिळत नाही, निर्णयाच्या दिवशी जो नियम असेल तो लागतो. म्हणजे तुम्ही दोन वर्षं गप्प बसलात आणि मधे नियम बदलला तर गेलं, परत पहिल्यापासून.

तोवर 'अर्ज केलाय ना, येईल परवानगी' म्हणून पोकलेन लावू नका. जमीन महसूल संहितेच्या कलम 48(7) खाली बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड बसतो, गाडी जप्त होते ती वेगळीच, आणि मग कोर्टात उशिराची तक्रार करायला गेलात की समोरचा वकील पहिला पंचनामाच काढून दाखवतो.