घरच्या आठवणींची फिल्म: आधी आजीचा आवाज नीट पकडा

जुने फोटो ६०० डीपीआयवर स्कॅन करा, पासपोर्टाएवढे असतील तर १२००. काचेला चिकटलेला फोटो सोलू नका, चेहराच काचेवर राहतो. काचेसकट दोन्ही बाजूंनी उजेड देऊन समोरून टिपा. व्हीएचएस टेपवर पांढरी बुरशी दिसली तर ती प्लेअरमध्ये घालू नका, पुढच्या टेपाही खराब होतील. एवढं कुणालाही जमतं.

फिल्म बिघडते ती आजीशी बोलताना.

‘आजी, जुन्या आठवणी सांग’ असं विचारूच नका. उत्तर येतं, ‘आमचे दिवस वेगळे होते’, आणि तिथेच सगळं संपतं. हातात वस्तू द्या: तांब्याची कळशी, लग्नातला फोटो. मग विचारा, ‘या फोटोत कोण नाही? का नाही?’ साल विचारू नका. ‘पोर्तुगीज गेले तेव्हा पाळण्यात कोण होतं?’ असं विचारा. १९६१ला गोवा मुक्त झाला तो दिवस आणि १९६७चा जनमत कौल (गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा की नाही यावरचं मतदान), या दोन खुंट्यांवर घरातलं बरंच काही टांगता येतं. तारीख दुरुस्त करणाऱ्या काकांना त्या वेळी बाजारात पाठवा, हे अगदी मनापासून सांगतो.

दुसरी गोष्ट भाषेची. आपल्याकडे कितीतरी घरांत पोथी मराठीत, बोलणं कोंकणीत. कॅमेरा लागला की आजी पोथीतलं मराठी बोलू लागते आणि तिचा राग, तिचं हसू दोन्ही जातं. तुम्हीच कोंकणीत सुरुवात करा. मराठी सबटायटलांत येईल, दोन ओळींहून जास्त नको.

ती थांबली की मनात दहापर्यंत मोजा. खरं वाक्य बहुतेक वेळा त्यानंतर येतं, आणि नवखे नेमकं तिथेच पुढचा प्रश्न टाकतात.

कॉलरचा माइक हनुवटीखाली वीतभर, आवाजाची पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास. पंखा बंद, फ्रिज बंद. गाडीची चावी फ्रिजमध्ये ठेवा, म्हणजे तो चालू करायला विसरणार नाही. पंख्याशिवाय बसवायचं म्हणून वेळ सकाळचीच घ्या. मुलाखत राजांगणात, म्हणजे घराच्या मधल्या चौकात नको, आवाज घुमतो. गाद्या-चादरी असलेली खोली बरी. जून ते सप्टेंबर मंगळुरी कौलांखाली रेकॉर्डिंग विसरा. पोदेराचा, म्हणजे पाववाल्याचा भोंपू मध्येच वाजला तर चिडू नका, तो वेगळा रेकॉर्ड करून ठेवा. शेवटी सगळ्यांना गप्प बसवून खोलीची शांतता एक मिनिट घ्या. ती नसेल तर एडिटिंगमध्ये प्रत्येक कट कानाला खटकतो.

चित्रणाचं थोडक्यात: सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद, म्हणजे ट्यूबलाइट लुकलुकत नाही. घर कुर्डी गावासारखं साळावलीच्या धरणात गेलं असेल तर पाणी ओसरल्यावर मे महिन्यात जा, आणि आजीला चालवत असेल तर तिला बरोबर न्या. जोत्यावर उभी राहून ती स्वतःच स्वयंपाकघर कुठे होतं ते दाखवेल.

पहिला कट फक्त आवाजाचा करा, चित्र नंतर. बारा-पंधरा मिनिटं पुष्कळ झाली. बाहेर कुठेही पाठवण्याआधी घरच्या भिंतीवर आजीला दाखवा आणि ती जे वाक्य काढ म्हणेल ते काढा, कितीही आवडलं असलं तरी.