ड्रूझ-मॅरोनाइट इतिहासावर लिहिताय? मग या चुका टाळा

लेबनॉनमध्ये काही पेटलं की आठवड्याभरात मराठीत लेखांचं पीक येतं. त्यातले बरेचसे तपासायला माझ्याकडे येतात, आणि निम्म्यांची सुरुवात ठरलेली असते: ‘ड्रूझ आणि मॅरोनाइट यांच्यात हजार वर्षांचं वैर आहे...’ (ड्रूझ हा शिया इस्लामच्या इस्माइली परंपरेतून निघालेला वेगळा पंथ, मॅरोनाइट हे लेबनॉनमधले ख्रिस्ती.) हे वाक्य दिसलं की पुढचं वाचण्याआधी मी चहा टाकतो.

हजार वर्षांचं वैर

हजार वर्षं हे या समाजांचं वय आहे, त्यांच्या भांडणाचं नाही. ड्रूझ पंथ अकराव्या शतकात फातिमी खलिफांच्या कैरोत निघाला आणि १०४३ नंतर त्याने नव्या लोकांना दार बंद केलं. मॅरोनाइट त्याहून जुने. क्रुसेडच्या काळात, ११८२च्या सुमारास, त्यांनी रोमच्या कॅथलिक चर्चशी नातं जोडलं. लेबनॉन पर्वताचा उत्तर भाग मॅरोनाइटांचा, दक्षिणेकडचा शूफ ड्रूझांचा.

एका अभ्यासमंडळात स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या एका मुलाने या विषयावर सादरीकरण केलं होतं. यूट्यूबवरचा एक व्हिडिओ पाहून सगळं बेतलेलं. पडद्यावर तलवारी, ज्वाळा, लाल बाण. मी विचारलं, “एवढं जुनं वैर, मग ड्रूझांच्या मुलखात ऐन मध्यावर देर अल-कमर हे मॅरोनाइटांचं गाव कसं?” तो क्षणभर थांबला आणि म्हणाला, “सर, घुसखोरी झाली असणार.” सभागृहातले चारजण वहीत ‘घुसखोरी’ लिहून घेतायत हे मी स्वतः पाहिलं.

घुसखोरी नव्हे, आमंत्रण. सतराव्या शतकात ड्रूझ अमीर फख्रुद्दीन दुसरा याच्या दरबारात मॅरोनाइट खाझिन घराण्याचं वजन होतं. रेशमाला भाव होता, तुतीच्या लागवडीला माणसं हवी होती, म्हणून उत्तरेकडचे मॅरोनाइट शेतकरी शूफमध्ये उतरले. ड्रूझ शेखांनी त्यांच्या मठांना जमिनीही दिल्या. १७११ची ऐन दाराची लढाई तर ड्रूझांची ड्रूझांशीच झाली: कैसी गट जिंकला, हरलेले यमनी दक्षिण सीरियातल्या हौरानकडे निघून गेले आणि डोंगरातली ड्रूझ संख्या घटली. पुढे राजकारण चाललं ते जुंबलाती आणि यझबकी अशा गटांचं, आणि दोन्हींत दोन्ही धर्मांची माणसं होती. शेख म्हणजे आपल्याकडच्या वतनदारासारखा. कर गोळा करायचा तो, आणि लढाईला माणसं न्यायची तीही त्यानेच. कूळ आपल्या शेखामागे जायचं, शेखाचा धर्म कोणताही असो.

बिनसलं ते एकोणिसाव्या शतकात. अमीर बशीर दुसरा मूळच्या सुन्नी शिहाब घराण्यातला, पण त्याची शाखा ख्रिस्ती झालेली. (त्याला ‘ड्रूझ राजा’ म्हणणारे लेखही येतात. असोत.) त्याने १८२५ मध्ये बशीर जुंबलातचा काटा काढला, ड्रूझ घराण्यांच्या जमिनी हिसकावल्या, आणि इजिप्तच्या इब्राहिम पाशाच्या अमलात, १८३८ मध्ये सक्तीच्या सैन्यभरतीविरुद्ध हौरानचे ड्रूझ उठले तेव्हा त्यांच्यावर ख्रिस्ती हत्यारबंद माणसं पाठवली. गंमत अशी की १८४० मध्ये अंतेलियास इथे ड्रूझ, मॅरोनाइट, सुन्नी, शिया एकत्र जमले आणि त्यांनी याच सत्तेविरुद्ध शपथ घेतली. बशीर हद्दपार झाला, परागंदा शेख परतले आणि जुन्या जमिनी व हक्क मागू लागले. १८४१ मध्ये देर अल-कमरला ड्रूझ आणि ख्रिस्ती भिडले, रक्त सांडलं. वैराचं वय मोजायचंच असेल तर इथून मोजा.

माझी सवय सांगतो. मसुद्यात जिथे ‘ड्रूझांनी’ किंवा ‘मॅरोनाइटांनी’ असं आलंय, तिथे पेन्सिलीने खोडायचं आणि वर घराण्याचं किंवा गावाचं नाव लिहायचं: जुंबलात, अर्सलान, खाझिन, झाहले. नाव सुचलं नाही तर वाक्य काढून टाकायचं. लेख निम्मा होतो आणि जो उरतो तो खरा असतो. घाई असलेल्यांना ही पद्धत आवडत नाही. त्यांनी क्रिकेटवर लिहावं.

१८६०: पर्वत आणि दमास्कस यांची खिचडी

ही माझी दुसरी दुखरी नस. १८६०च्या मे-जूनमध्ये लेबनॉन पर्वतात यादवी झाली. हासबाया, राशाया, झाहले आणि देर अल-कमर इथे ड्रूझांनी ख्रिस्ती लोकांची कत्तल केली. जुलैत दमास्कसमध्ये दंगल झाली, आणि तिथले हल्लेखोर मुख्यतः शहरातले मुस्लिम जमाव होते. बळी पडलेले बहुतेक ग्रीक ऑर्थोडॉक्स आणि ग्रीक कॅथलिक. अल्जीरियाचा हद्दपार नेता अब्दुल कादिर याने हजारोंना आसरा दिला तोही दमास्कसमध्ये. तरीही लेखात दोन्ही एकाच परिच्छेदात, एकाच आकड्यात, आणि वर शीर्षक ‘ड्रूझांनी दमास्कस जाळलं’!

पर्वतातही मेलेले सगळे मॅरोनाइट नव्हते. झाहले हे मुख्यतः ग्रीक कॅथलिकांचं गाव. हासबायात ख्रिस्ती लोकांबरोबर सुन्नी शिहाब अमीरही मारले गेले. आणि ठिणगी नुसती धर्माची नव्हती. १८५८-५९ मध्ये पर्वतातल्या केसरवान भागात तान्यूस शाहीनच्या मागे मॅरोनाइट शेतकरी उठले ते मॅरोनाइट खाझिन शेखांविरुद्ध. शूफमधल्या ड्रूझ शेखांना धास्ती बसली की ही हवा आपल्या ख्रिस्ती कुळांनाही लागेल. शाहीनला ‘ड्रूझांविरुद्ध लढलेला वीर’ म्हणून सुरुवात करणारा लेख मी तिथेच परत पाठवतो.

यावर उपाय म्हणजे कागदाचे दोन रकाने, एक पर्वताचा आणि एक शहराचा. प्रत्येक तारीख एकाच रकान्यात जाते. ज्याला हा कंटाळा येतो, त्याला इतिहासापेक्षा शेवटाची घाई आहे असं समजावं.

बाकीच्या, भराभर

‘ड्रूझ पुनर्जन्म मानतात, म्हणजे हिंदूच.’ पुनर्जन्म मानतात, हिंदू नाहीत. त्यांच्या पंथाचा उगम इस्माइली परंपरेत आहे. विसाव्या शतकातले ड्रूझ नेते कमाल जुंबलात यांना गांधीजींची आणि वेदान्ताची ओढ होती, ते भारतात येऊनही गेले. पण ती एका माणसाची आवड.

१८४३ मध्ये पर्वताचे जे दोन प्रशासकीय भाग झाले, त्यांना ‘ड्रूझ राज्य’ आणि ‘ख्रिस्ती राज्य’ म्हणू नका. सीमा होती बैरूत-दमास्कस रस्ता. दक्षिण भागात ख्रिस्ती वस्ती भरपूर होती, आणि दुखणं तेच होतं.

१८६०च्या यादवीनंतर आलेली १८६१ची व्यवस्था ‘फ्रान्सने दिलेलं स्वातंत्र्य’ नव्हतं. पर्वत उस्मानी साम्राज्यातच राहिला. राज्यपाल ख्रिस्ती, पण बाहेरचा. पहिला दाऊद पाशा हा आर्मेनियन कॅथलिक.

१९४३च्या राष्ट्रीय करारात राष्ट्राध्यक्ष मॅरोनाइट आणि पंतप्रधान सुन्नी ठरला. संसदेचं सभापतिपद शियांकडे गेलं. तिन्ही पदांत ड्रूझ नाहीत, हे बरेचजण विसरतात.

१९५८च्या यादवीला ‘ड्रूझ विरुद्ध मॅरोनाइट’ लिहाल तर मॅरोनाइट राष्ट्राध्यक्ष शमून यांच्या विरोधात खुद्द मॅरोनाइट पेट्रिआर्क (धर्मप्रमुख) मऊशी कसे, आणि शमून यांच्या बाजूने ड्रूझ मजीद अर्सलान कसे, हे समजावून सांगावं लागेल. १९५२ मध्ये तर शमून आणि कमाल जुंबलात एकाच आघाडीत होते.

१९८३च्या पर्वतयुद्धाची सुरुवात १९८३ पासून करू नका. मार्च १९७७ मध्ये कमाल जुंबलात यांची हत्या झाली आणि त्यानंतर शूफमधल्या निरपराध ख्रिस्ती गावकऱ्यांना मारलं गेलं. १९८२ मध्ये इस्रायली फौजांपाठोपाठ ‘लेबनीज फोर्सेस’ या ख्रिस्ती सशस्त्र संघटनेच्या तुकड्या शूफमध्ये शिरल्या. सप्टेंबर १९८३ मध्ये इस्रायल मागे सरलं आणि पोकळीत युद्ध भडकलं. ख्रिस्ती लोकांना शूफमधली घरंदारं सोडून पळावं लागलं.

आणि २००१चा ड्रूझ-मॅरोनाइट समेट. ऑगस्टच्या सुरुवातीला मॅरोनाइट पेट्रिआर्क सफीर शूफमध्ये गेले, मुख्तारा या जुंबलातांच्या गावी कमाल यांचे पुत्र वालिद जुंबलात यांनी त्यांचं स्वागत केलं. इथे सगळे लेख गोड होऊन संपतात. त्याच आठवड्यात, ७ ऑगस्टला, सुरक्षा यंत्रणांनी सीरियाच्या वर्चस्वाला विरोध करणाऱ्या ख्रिस्ती कार्यकर्त्यांची धरपकड सुरू केली. एवढं एक वाक्य लेखात नसेल तर मी मसुदा परत पाठवतो.