मुंबईच्या नळ-गटारांचा इतिहास शोधायचाय? मग असं करा

मुंबईत पाणी कधी आलं ते कुठेही सापडतं, विहार तलाव 1860, तुळशी 1879, तानसा 1892. पण सोयी कुणाला मिळाल्या आणि कुणाला नाही हे शोधायचं असेल तर तारखांवर थांबू नका, ते पाणी आधी कुठल्या गल्लीत गेलं ते बघा.

सगळं शहर एकदम घेऊ नका. एक वॉर्ड घ्या, एकच सोय घ्या, आणि त्या काळातले पालिका आयुक्तांचे वार्षिक अहवाल नि जुने नकाशे शेजारी ठेवून वाचा. खर्च कुठे झाला ते कळलं की लगेच विचारा, मत कुणाला होतं? 1872 च्या कायद्यानं 64 पैकी निम्मे नगरसेवक करदाते निवडून द्यायचे. चाळीत भाड्यानं राहणारा गिरणी कामगार त्यात जवळपास नव्हताच.

गटारांवर जास्त वेळ द्या, खरी गोष्ट तिथेच आहे. नळ आले पण ड्रेनेज मागे राहिलं, मग मैला उचलायचा कुणी? दोन इमारतींच्या मधल्या अरुंद घरगल्ल्यांमधून टोपल्यांनी तो उचलायला दलित सफाई कामगार, आणि त्यासाठी 1888 च्या पालिका कायद्यात चक्क 'हलालखोर' (म्हणजे मैला उचलणारा) नावाचा कर. म्हणजे जिथे पाइप नव्हता तिथे ते काम जातीवर टाकलेलं होतं, आणि पालिका ते हिशोबात लिहीतही होती! पगार, वस्ती, संप, जे सापडेल ते सगळं टिपून ठेवा.

मग 1896 चा प्लेग आणि त्यानंतर दाट वस्त्या पाडून शहर सुधारायला नेमलेली 1898 ची इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट. नागपाड्याचा किंवा प्रिन्सेस स्ट्रीटचा आधीचा-नंतरचा नकाशा एकावर एक ठेवा. हवा खेळावी म्हणून रस्ते रुंद केले हे अहवालात सापडेल, पण घरं पाडल्यावर माणसं गेली कुठे हे मात्र जनगणनेत आसपासच्या वॉर्डांची गर्दी बघून काढावं लागतं, कारण पाडलेल्या खोल्यांइतक्या नव्या खोल्या वेळेत उभ्या राहिल्याच नाहीत.

आजच्यासाठी वस्तीत जाऊन बोला. 1995 नंतरच्या झोपड्यांना पाणी नाही हा नियम बरीच वर्षं चालला, डिसेंबर 2014 मध्ये हायकोर्टानं सांगितलं की पाणी नाकारता येणार नाही. त्या आधी पाणी कुठून आणायचात, किती पैसे द्यायचात, रात्री किती वाजता उठायचात हे बायकांना विचारा, पुरुषांना बऱ्याचदा माहीतच नसतं.