निशाणी ५ चा अर्ज रेंगाळू नये म्हणून

बांधावर जेसीबी येऊन उभा राहिला किंवा भावाने परस्पर विसारपावती केली, की दाव्यासोबत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम १ व २ खाली तूर्तातूर्त मनाईचा, म्हणजे निकाल लागेपर्यंत समोरच्याला रोखून धरणाऱ्या हुकमाचा, अर्ज द्यावा लागतो. आपल्याकडच्या कोर्टांत हाच 'निशाणी ५'. हा अर्ज कायद्याच्या मुद्द्यावर क्वचितच अडतो; अडतो तो कागदात आणि बजावणीत.

आधी मिळकतीचं वर्णन. गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा सातबाऱ्याशी ताडून पाहा. 'पैकी पूर्वेकडील २० आर' एवढंच लिहिलं आणि हातनकाशा जोडला नाही, तर कोणते २० आर हा वाद पहिल्याच तारखेला निघतो आणि जागेची पाहणी करायला कोर्ट नेमतं त्या कमिशनरपर्यंत जातो. मोजणीची 'क' प्रत (सरकारी मोजणीचा नकाशा) असेल तर सोबतच द्या. प्रतिज्ञापत्रात 'प्रतिवादी त्रास देतात' हे वाक्य कुचकामी आहे. कोणत्या तारखेला, कुठल्या बाजूने, किती फूट बांध फोडला ते लिहा. घटनेनंतर दोन महिने गप्प बसला असाल तर त्याचं कारणही लिहा. नाहीतर समोरचा वकील विचारणारच, मग तातडी कसली?

कॅव्हेट, म्हणजे 'आम्हाला ऐकल्याशिवाय हुकूम देऊ नका' असा समोरच्याचा अर्ज, दाखल आहे का ते आधी तपासा. ते ९० दिवस टिकतं. असेल तर कॅव्हेटदाराला अर्जाची आणि कागदांची नक्कल द्यावी लागते. प्रतिवादी शासन असेल आणि दोन महिन्यांची नोटीस दिलेली नसेल, तर त्याच संहितेच्या कलम ८०(२) खाली परवानगीचा अर्ज सोबत हवाच.

एकतर्फी (समोरच्याला न ऐकता) मनाई मिळाली की लोक निर्धास्त होतात, आणि घोळ तिथेच होतो. नियम ३ प्रमाणे अर्ज, प्रतिज्ञापत्र, वादपत्र आणि कागदांच्या नकला लगेच प्रतिवादीला पोचवा किंवा रजिस्टर पोस्टाने पाठवा. तसं केल्याचं प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी दाखल करा. हे राहिलं तर मनाई उठवायला समोरच्याला आयतं कारण मिळतं. असा अर्ज ३० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न कोर्टाने करावा, असं नियम ३-अ सांगतो. तारीख लांब पडत असेल तर त्यावर बोट ठेवा.

नुसती कारणे दाखवा नोटीस निघाली, तर प्रोसेस फी (नोटीस बजावण्याची फी) त्याच दिवशी भरा आणि हमदस्त बजावणीची, म्हणजे नोटीस स्वतः नेऊन देण्याची, परवानगी मागा. वाटपाच्या दाव्यात आठ प्रतिवादी असतात. सातांना नोटीस मिळते, मुंबईला राहणाऱ्या आठव्याचा पत्ता अपुरा म्हणून पाकीट परत येतं आणि तीन तारखा जातात. हिस्सेदार वगळता येत नाहीत, पण विकायला निघालेल्या भावाला नोटीस लागू झाली असेल तर त्याच्यापुरता अर्ज चालवा अशी लेखी विनंती करता येते. तो म्हणणं द्यायला मुदत मागेल. मुदतीला विरोध करत बसण्यापेक्षा तोवर 'जैसे थे' (आहे ती स्थिती बदलू नये असा हुकूम) मागा, आणि तसा हुकूम रोजनाम्यात (तारखेच्या कामकाजाच्या नोंदीत) आला का ते त्याच संध्याकाळी पाहा.

अर्जाचा निकाल काहीही लागो, दाव्याची लिस पेंडन्स नोटीस (या मिळकतीवर दावा चालू असल्याची सूचना) दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या. दावा चालू असताना झालेल्या विक्रीपासून मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ संरक्षण देतं; महाराष्ट्रात ते संरक्षण या नोंदणीवर अवलंबून आहे.