स्क्रॅचचे अ‍ॅप वापरायला घेण्यापूर्वीची तयारी

ठोकळे जोडून प्रोग्रॅम तयार करण्याचे स्क्रॅच हे साधन ब्राउझरमध्ये चालते, तसेच संगणकावर इन्स्टॉल करूनही चालते. जिथे इंटरनेटचा भरवसा नाही किंवा अनेक मुले एकाच वेळी बसणार आहेत, तिथे अ‍ॅपच घ्यावे. मात्र ब्राउझरच्या सवयीने अ‍ॅपकडे येणाऱ्याने एक फरक आधी पक्का ध्यानात घ्यावा. संकेतस्थळावर लॉग-इन केलेले असेल तर काम आपोआप सेव्ह होत राहते. अ‍ॅपमध्ये ते आपोआप कधीच सेव्ह होत नाही. मागच्या वेळी माझ्या तयारीत नेमके हेच राहिले आणि मुलांच्या एका गटाचे काम गेले. त्यामुळे या यादीत ही सूचना पुन्हा पुन्हा येईल.

अ‍ॅप विंडोज, मॅकओएस, क्रोमओएस आणि अँड्रॉइडसाठी मिळते. लिनक्सवाल्यांसाठी अधिकृत अ‍ॅप नसल्याने त्यांनी ब्राउझरच वापरावा. विंडोज १० पेक्षा जुनी असेल तर तिथे वेळ घालवू नये. अ‍ॅप स्क्रॅचच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच घ्यावे. विंडोजसाठी मायक्रोसॉफ्ट स्टोअर आणि थेट डाउनलोड असे दोन मार्ग आहेत. अनेक संगणकांवर इन्स्टॉल करायचे असल्यास थेट डाउनलोड केलेली फाइल पेन ड्राइव्हवर घेऊन फिरणे सोपे पडते, कारण मग प्रत्येक ठिकाणी इंटरनेट लागत नाही. संस्थेच्या संगणकांवर इन्स्टॉल करताना बहुधा अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचा पासवर्ड मागितला जातो. तो ज्यांच्याकडे आहे त्यांना आदल्या दिवशीच गाठावे. मुले खुर्च्यांवर बसल्यावर फोन करत बसण्यात अर्थ नाही.

इन्स्टॉल झाले म्हणजे तयारी झाली असे समजू नये. प्रत्येक संगणकावर अ‍ॅप एकदा उघडावे, वरच्या पट्टीतील भाषेच्या पर्यायातून हवी ती भाषा निवडावी आणि मग इंटरनेट मुद्दाम बंद करून ठरवलेला संपूर्ण प्रकल्प स्वतः करून पाहावा. स्प्राइट (मांजरासारखी पडद्यावर हलणारी पात्रे), पार्श्वचित्रे आणि आवाज यांचा संग्रह अ‍ॅपमध्येच असतो, त्यामुळे तो इंटरनेटशिवाय चालतो. परंतु मजकूर बोलून दाखवणारे ‘टेक्स्ट टू स्पीच’ आणि भाषांतर करणारे ‘ट्रान्सलेट’ ही एक्स्टेंशन (जादा ठोकळ्यांचे संच) इंटरनेटशिवाय निरुपयोगी ठरतात. त्यांचे ठोकळे दिसतात, जोडताही येतात, फक्त अपेक्षित उत्तर येत नाही. आणि मूल मात्र आपल्याच जोडणीत चूक शोधत बसते. प्रकल्प या ठोकळ्यांवर उभा असेल तर तो आत्ताच बदलावा. स्वतःची पार्श्वचित्रे आणणार असाल तर ती ४:३ या प्रमाणात तयार ठेवावीत, कारण स्टेज, म्हणजे पात्रे जिथे हलतात तो भाग, ४८० बाय ३६० पिक्सेल इतका असतो.

आता मुख्य गोष्ट. पहिला ठोकळा ओढण्याआधी, म्हणजे खरोखरच आधी, प्रत्येक संगणकावर एक फोल्डर तयार करावा आणि तो कुठे आहे हे सर्वांना दाखवावे. नव्या प्रकल्पाला अ‍ॅप स्वतःहून ‘स्क्रॅच प्रोजेक्ट’ असेच नाव देते. एकाच संगणकावर सकाळचा आणि दुपारचा असे दोन गट बसले, दोघांनीही नाव बदलले नाही, आणि ‘या नावाची फाइल आधीच आहे, ती बदलायची का’ या प्रश्नाला दुपारच्या मुलाने न वाचता ‘हो’ म्हटले, की सकाळचे काम संपले. ते परत मिळत नाही. म्हणून वरच्या पट्टीतील नावाच्या चौकटीत आधी गटाचे आणि प्रकल्पाचे नाव लिहावे, त्यानंतर फाइल मेनूतील ‘सेव्ह टू युवर कॉम्प्युटर’ निवडावे आणि समोर उघडलेला फोल्डर आपलाच आहे का ते वाचून पाहावे. रिकामा प्रकल्पसुद्धा असा सेव्ह करावा. ‘अजून काही केलेच नाही, मग सेव्ह काय करायचे’ असे मुले म्हणतील. तरीही करवून घ्यावे, कारण नाव आणि जागा तेव्हाच ठरली तर पुढचा गोंधळ टळतो.

काम सुरू झाल्यावर दर पंधरा मिनिटांनी सर्वांना थांबवून सेव्ह करायला सांगावे. त्यासाठी गजर लावावा. आठवणीवर विसंबू नये, कारण मांजर नीट उडी मारू लागले की मुलांना आणि शिकवणाऱ्यालाही दुसरे काही सुचत नाही. प्रकल्पात मोठा बदल करण्यापूर्वी नावापुढे १, २, ३ असे आकडे देत नवी फाइल करावी, म्हणजे बिघडल्यास मागे येता येते. चुकून काढून टाकलेला स्प्राइट ‘एडिट’ मेनूतील ‘रिस्टोअर’ने परत आणता येतो, सेव्ह न केलेल्या प्रकल्पाला असा उपाय नाही. खिडकी बंद करताना अ‍ॅप इशारा देते हे खरे, पण वीज गेली तर इशारा कोण देणार?

एका प्रकल्पातील गोष्टी दुसऱ्यात नेण्यासाठी ठेवायचा संकेतस्थळावरील ‘बॅकपॅक’ अ‍ॅपमध्ये नाही. एका प्रकल्पातील स्प्राइट दुसऱ्यात हवा असेल तर त्याच्यावर उजवे क्लिक करून तो ‘एक्स्पोर्ट’ करावा आणि दुसऱ्या प्रकल्पात अपलोड करावा. क्लाउड व्हेरिएबल, म्हणजे संकेतस्थळावर साठवले जाणारे आणि सर्वांना एकच दिसणारे आकडे, हेही अ‍ॅपमध्ये मिळत नाहीत, त्यामुळे सर्वांचे गुण एकत्र दाखवणारा खेळ योजू नये.

आवाज रेकॉर्ड करायचा असेल तर मायक्रोफोनची परवानगी आधीच देऊन ठेवावी. हेडफोन न्यावेत. विंडोज किंवा मॅकओएसवर मायक्रोबिट (प्रोग्रॅम करता येणारा छोटा इलेक्ट्रॉनिक बोर्ड) वापरायचे असल्यास ब्लूटूथ, ‘स्क्रॅच लिंक’ हा वेगळा प्रोग्रॅम आणि मायक्रोबिटवर चढवण्याची हेक्स फाइल असे तिन्ही लागते. यातले एक जरी राहिले तरी जोडणी होत नाही. पहिल्याच खेपेला हे सगळे अंगावर घेऊ नये.

सत्राची शेवटची वीस मिनिटे नव्या ठोकळ्यांसाठी वापरू नयेत. पुन्हा सेव्ह. मग प्रत्येक ‘एसबी३’ फाइल (स्क्रॅच प्रकल्प या प्रकारात सेव्ह होतो) पेन ड्राइव्हवर घ्यावी. चित्रे आणि आवाज त्याच फाइलमध्ये असतात, ती वेगळी न्यावी लागत नाहीत. एखाद्याकडे जुने स्क्रॅच २ असेल तर ही फाइल तिथे उघडणार नाही; त्याला २०१९ मध्ये आलेली तिसरी आवृत्ती किंवा ब्राउझर वापरायला सांगावे. प्रकल्प सर्वांना दाखवायचा असेल तर संकेतस्थळावर लॉग-इन करून ‘लोड फ्रॉम युवर कॉम्प्युटर’ने फाइल चढवावी व तिथून शेअर करावी. पेन ड्राइव्हवरची प्रत दुसऱ्या संगणकावर उघडून, हिरवा झेंडा दाबून चालते का ते पाहावे, आणि ती चालल्यानंतरच पहिल्या संगणकावरील अ‍ॅप बंद करावे.