घडीचा स्ट्रोलर घेताना आधी तो उलटा करून बघा

दुकानदार स्ट्रोलरची, म्हणजे मिटणाऱ्या हलक्या बाबागाडीची, एका झटक्यात घडी घालतो, एका हाताने उचलून दाखवतो, आणि आपलं ठरून जातं. पैसे देण्याआधी तो स्ट्रोलर आपल्या ताब्यात घ्या आणि चाकं वर करून जमिनीवर ठेवा. चाक बोटाने फिरवा, मग डावी-उजवीकडे हलवा. आसावर ते खुळखुळत असेल तर ती गाडी कितीही हलकी असली तरी गोव्यात पावसाळाभर टिकणार नाही.

म्हापशात माझं सायकल दुरुस्तीचं दुकान आहे. हल्ली चाक असलेलं काहीही दुरुस्तीला येतं: व्हीलचेअर, प्रवासी बॅगा आणि बाबागाड्या. नातीसाठी घ्यायची वेळ आली तेव्हा सून म्हणाली, "बाबा, तुम्हीच बघा, तुम्हाला चाकातलं कळतं." तेव्हा जे तपासलं आणि दुकानात रोज जे उघडून बघतो, ते इथे सांगतो.

पहिली गोष्ट बाळाच्या वयाची. हलक्या स्ट्रोलरची पाठ बहुतेक वेळा पूर्ण आडवी होत नाही. साधारण सहा महिन्यांच्या आतल्या बाळाला नीट बसता येत नाही, आणि अगदी तान्ह्याला मानही धरता येत नाही. अर्धवट बसल्या स्थितीत डोकं पुढे पडलं, हनुवटी छातीला टेकली, तर श्वासाची वाट अडते. त्यामुळे तान्ह्यासाठी घेत असाल तर पाठ सपाट होते का ते स्वतः पाडून बघा, आणि कंपनीने किती महिन्यांपासून वापरायला सांगितलंय ते वाचा. तसं नसेल तर बाळ नीट बसू लागेपर्यंत थांबा, तोवर कडेवर घ्या. पट्टा पाच टोकांचा हवा: दोन खांद्यांवरून, दोन कमरेला, एक पायांमधून. नुसता कमरेचा पट्टा असला की बाळ खाली सरकतं.

आता वजन. बाजारात हलके म्हणून विकले जाणारे स्ट्रोलर साधारण पाच ते सात किलोंचे असतात. वर्षाचं बाळ नऊ किलोंच्या आसपास. म्हणजे लिफ्ट नसलेल्या इमारतीत एका बाजूला बाळ, दुसऱ्या बाजूला गाडी, आणि खांद्यावर लंगोट-दुधाची पिशवी. दुकानात बाळाला कडेवर घेऊन एका हाताने घडी घालून बघा. "एका हाताने मिटतो" असं लिहिलेल्या कितीतरी गाड्या दोन हात आणि एक पाय लावल्याशिवाय मिटत नाहीत. घडी झाल्यावर चाप आपोआप बसतो की शोधून लावावा लागतो, तेही बघा. कदंबाच्या, म्हणजे गोव्याच्या सरकारी बसच्या दारात चाप शोधायला वेळ नसतो, मागे माणसं चढायला थांबलेली असतात.

अशी छत्रीसारखी मिटणारी बाबागाडी ओवेन मॅक्लारेन या ब्रिटिश इंजिनियरने १९६५ मध्ये तयार केली. स्पिटफायर विमानाच्या चाकांच्या सांगाड्यावर काम केलेला हा माणूस. ॲल्युमिनियमच्या नळ्या वापरून त्याने ती पावणेतीन किलोंच्या आसपास बसवली. हे मला फार मोलाचं वाटतं, कारण हलकेपणा त्याने सांध्यांच्या रचनेतूनही काढला. आजची गाडी त्याहून जड असते ती छत, पाडता येणारी पाठ, पाच टोकांचा पट्टा आणि खालची टोपली यांच्यामुळे. म्हणून फारच हलकी गाडी दिसली तर यातलं काय काढून टाकलंय ते शोधा. बहुतेक वेळा पाठ पडत नाही, किंवा छत नावापुरतं असतं.

घड्या मुख्यतः दोन प्रकारच्या. छत्रीसारखी मिटणारी गाडी लांब आणि सडपातळ होते, दारामागे उभी राहते, बसमध्ये गुडघ्यांमध्ये धरता येते. दुसरी तीन भागांत मिटून चौकोनी बॅगेएवढी होते, मोटारीच्या डिकीत आणि थिवी किंवा मडगावहून निघालेल्या रेल्वेत बाकाखाली बसते. विमानात आत नेण्यासाठी घेत असाल तर जाहिरातीतल्या आकड्यावर जाऊ नका, टेप घेऊन घडी मोजा. हातातल्या बॅगेची मर्यादा बऱ्याच ठिकाणी ५५ बाय ३५ बाय २५ सेंटीमीटरच्या आसपास असते, पण ती कंपनीगणिक बदलते, म्हणून तिकिटाबरोबरचा नियम वाचा. आत नेऊ दिली नाही तरी बहुतेक विमान कंपन्या बाबागाडी विमानाच्या दारापर्यंत वापरू देतात. आमच्यासारख्या बस आणि फेरीबोटीने फिरणाऱ्यांना मी छत्रीघडीच सांगतो, कारण तिचे सांधे कमी आणि दुरुस्ती सोपी.

सांध्यांवर मी जरा थांबतो, कारण गाड्या तिथेच मरतात. हँडल दोन्ही हातांनी धरून उलटसुलट पिळा. थोडी लवचीकता असतेच, पण "टक टक" आवाज आला तर रिव्हेट, म्हणजे दोन नळ्या जोडणारी ठोकलेली खीळ, सैल आहे. ॲल्युमिनियमच्या नळीत लोखंडी रिव्हेट ठोकलेला असेल तर खारट हवेत लोखंडाच्या संगतीने ॲल्युमिनियम खाल्लं जातं. मोरजीकडून एक बाई गाडी घेऊन आल्या, वरून अगदी नवी. "काका, मिटतच नाही हो." मागचा सांधा बघितला तर रिव्हेटभोवती पांढरी भुकटी जमलेली, आणि भोक लांबट झालेलं. मी तिथे स्टेनलेसचा बोल्ट आणि प्लास्टिकची वॉशर घातली, गाडी चालू झाली. तुम्ही घेताना सांधे स्टेनलेसचे आहेत का ते विचारा. दुकानदाराला माहीत नसेल तर लहान लोहचुंबक खिशात न्या. जो रिव्हेट चुंबकाला घट्ट चिकटतो तो साधं लोखंड असण्याची शक्यता जास्त.

चाकं. लहान कडक चाकं मॉलच्या फरशीवर सुंदर पळतात. आपल्याकडे चिऱ्याचे जोड, गटारावरच्या लाद्या, अर्धवट पदपथ. पणजीत फोंतेन्हासला अरुंद गल्ल्यांत घरांच्या पायऱ्या रस्त्यापर्यंत येतात, तिथे गाडी सारखी उतरवावी लागते. कांपालच्या नदीकाठच्या वाटेवर मात्र कुठलीही गाडी चालते. म्हणून तुमचं रोजचं चालणं कुठे आहे ते आधी ठरवा. रस्ता खडबडीत असेल तर पुढचं चाक शक्य तितकं मोठं आणि सरळ अडकवता येणारं घ्या. फिरतं चाक खड्ड्यात आडवं होतं आणि गाडी जागच्या जागी थांबते. मिरामारच्या वाळूत हलकी गाडी ढकलूच नका, उचलून न्या. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात तर ती घरीच ठेवा, बाळ कडेवर जास्त सुखी असतं.

ब्रेक उताराच्या जागी तपासा. एका पायाच्या दाबाने मागची दोन्ही चाकं अडकली पाहिजेत. रायबंदर-चोडणसारख्या फेरीबोटीत चढताना बाळाला कडेवर घ्या आणि गाडी मिटा. धक्का उतरता असतो, पाणी समोर असतं, तिथे ब्रेकवर भरवसा ठेवण्याची गरजच नाही.

हँडलला पिशव्या अडकवू नका. बाळ बसलेलं असतं तोवर तोल राहतो. ते उचललं की गाडी मागे कोसळते. सामान खालच्या टोपलीत.

बोटांचं मात्र नीट ऐका. २००९ साली अमेरिकेत एका नामांकित कंपनीने सुमारे दहा लाख स्ट्रोलर परत बोलावले होते, कारण सांध्यात अडकून मुलांच्या बोटांची टोकं तुटल्याचे १२ प्रकार नोंदले गेले होते. सांध्यावर कापडी किंवा प्लास्टिकचं आवरण आहे का बघा, आणि उघडताना-मिटताना बाळ हातभर लांब ठेवा. आमच्या नातीला गाडी उघडताना बघायला फार आवडतं, म्हणून तिला आजीच्या मांडीवर बसवूनच मी ती उघडतो.

छत मोठं हवं आणि मागे जाळी हवी. ऊन लागतंय म्हणून गाडीवर शाल किंवा दुपट्टा टाकतात, ते करू नका. हवा कोंडते आणि आतलं तापमान झपाट्याने वाढतं. बाहेरून कळतही नाही. उन्हाच्या वेळी बाहेर न पडणं हाच खरा उपाय.

आणि पाऊस. जून ते सप्टेंबर इथे तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. आसनाचं कापड काढून धुता येतं का हे विकत घेतानाच बघा. येत नसेल तर ऑगस्टपर्यंत त्यावर बुरशीचे काळे ठिपके येतील आणि जाणार नाहीत. ओली गाडी कधी मिटून ठेवू नका. आधी उघडी ठेवून पंख्याखाली वाळवा. समुद्राकडून आल्यावर चाकं आणि सांधे गोड्या पाण्याने धुवा. चाकाच्या आसात वाळूबरोबर केस आणि धागे गुंडाळलेले असतात, ते चिमट्याने काढा. त्यावर खोबरेल किंवा सायकलचं तेल घालू नका, तेलाला वाळू चिकटते आणि आस घासून जातो. सिलिकॉनचा फवारा थोडासा मारा आणि पुसून घ्या.

जुनी घेत असाल तर चाप दहा-बारा वेळा उघडझाक करा. उघडल्यावर तो स्पष्ट आवाज करून बसला पाहिजे, आणि आसनावर हाताने जोर दिला तरी सुटता कामा नये. पट्ट्याची शिवण उसवलेली असेल तर तो पट्टा बदलून घ्या, शिवून वापरू नका. नवी घेत असाल तर एक प्रश्न दुकानदाराला बिलाआधी विचारा: याचं पुढचं चाक सुटं मिळतं का? मिळत असेल तर त्याच दिवशी एक जोडी जास्तीची घेऊन ठेवा. सगळ्यात आधी झिजतं ते पुढचं चाक, आणि दोन वर्षांनी तो नमुना बाजारात नसतो.