पहिली शॉर्टफिल्म करताय? या चुका टाळा

इंदूरमधली पोरं फिल्म दाखवायला येतात तेव्हा फ्रेम बघून जीव सुखावतो आणि संवाद सुरू झाला की हळहळ वाटते. भाड्याचा महागडा कॅमेरा, दोन-तीन लेन्स, आणि माइक मात्र कॅमेऱ्यावरच बसवलेला. प्रेक्षक अंधूक चित्र चालवून घेतो. संवाद कळला नाही, की तो फिल्ममधून उठतोच.

एका टीमनं कृष्णपुरा छत्र्यांपाशी, म्हणजे इंदूरमधल्या होळकरांच्या स्मारकांपाशी, बाप-लेकीच्या निरोपाचा सीन घेतला. संध्याकाळचा उजेड अप्रतिम, मुलीचं काम त्याहून. पण शेजारच्या पुलावरच्या रिक्षा आणि हॉर्नमध्ये सगळं बुडालं. पोरं मला म्हणाली, "डबिंग करून घेऊ ना, दादा." तोवर मुलगी नोकरीसाठी पुण्याला गेली होती. कित्येक दिवसांनी येऊन तिनं डबिंग केलं, शब्द जुळले, पण हुंदक्याआधीचा तो अडकलेला श्वास काही परत आला नाही. त्यात तिथला नुसता परिसराचा आवाज कुणी रेकॉर्डच केलेला नव्हता, त्यामुळे डबिंग वरून चिकटवल्यासारखं ऐकू येत होतं.

मी लोकेशन ठरवताना शूटिंगच्याच वेळेला तिथे जाऊन डोळे मिटून बसतो. शूटिंगच्या दिवशी जागा बदलण्याआधी सगळ्यांना गप्प उभं करून मिनिटभर रूम टोन, म्हणजे त्या जागेचा नुसता आवाज, रेकॉर्ड करून घेतो. पोरं वैतागतात. वैतागू देत! पैसे कमी असतील तर एक लेन्स कमी घ्या, साउंड रेकॉर्डिस्ट मात्र हवाच.

दुसरी चूक गाण्याची. "जुनं गाणं आहे, चालतं" हे मी ऐकून थकलोय. आपल्या कायद्यात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं असतो, गीतकार-संगीतकारांचा त्यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. म्हणजे रेकॉर्ड मोकळी झाली तरी गाणं मोकळं झालेलं नसू शकतं. आणि मित्रानं नवीन चाल बांधून दिली तरी कागद कराच. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार हक्क दुसऱ्याच्या नावे करायचे तर ते लेखी आणि सहीनिशीच होतात. मुदत लिहिली नसेल तर ५ वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. परदेशी फेस्टिव्हलमध्ये निवड झाल्यावर हे कळून काय उपयोग?

कथा चहाच्या टपरीवर सांगत सुटू नका. नुसत्या कल्पनेवर कॉपीराइट नसतो, लिहिलेल्यावर असतो. पटकथा पूर्ण करा, मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवा, मग सांगा.

दोन ठिकाणी कॉपी झाल्याशिवाय मेमरी कार्ड पुसू नका.

लाइक्सच्या घाईनं फिल्म यूट्यूबवर टाकू नका. आधी फेस्टिव्हलचे नियम वाचा. ऑनलाइन आलेली फिल्म काही जण घेतच नाहीत.

आणि आपले नट बहुतेक मराठी रंगभूमीवरून आलेले, शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवणारे. क्लोजअपमध्ये तेच ओरडल्यासारखं वाटतं. त्यांना सेटवर सगळ्यांसमोर टोकत बसू नका. तालीम फोनवर शूट करून त्यांची त्यांनाच दाखवा. जाणता नट दुसऱ्या टेकला आवाज स्वतःच खाली आणतो.